सिस्टिम अलार्म, नेटवर्क सुरक्षा गेटवेवरील

संस्थेचे अंतर्गत नेटवर्क आणि बाहेरचे इंटरनेट यांच्या सीमेवर बसवलेल्या सुरक्षा उपकरणाने स्वतःच्या प्रकृतीविषयी दिलेला इशारा. फायरवॉल, व्हीपीएन आणि घुसखोरी-प्रतिबंध ही कामे आज बहुधा एकाच उपकरणात होतात, त्या उपकरणाला येथे सुरक्षा गेटवे म्हटले आहे. पंखा बंद पडणे, वीजपुरवठ्याचे एक युनिट निकामी होणे, मेमरी भरत येणे, लायसन्सची मुदत संपणे, सावरण्यासाठी राखीव कॉन्फिगरेशन नसणे ही अशा अलार्मची नेहमीची कारणे.

लॉग आणि अलार्म एक नव्हेत. लॉगची ओळ घडून गेलेली गोष्ट सांगते आणि फायलीत मागे सरकत जाते. अलार्म चालू स्थिती सांगतो. कारण दूर होईपर्यंत तो यादीत राहतो आणि कारण गेले की बहुतेक वेळा आपोआप उतरतो. त्यामुळे ‘हा अलार्म केव्हा आला’ याबरोबरच ‘तो अजून का उतरला नाही’ हेही विचारावे लागते. २०१९ च्या आरएफसी ८६३२ या दस्तऐवजाने अलार्मच्या व्याख्येत आणखी एक अट घातली : ज्या स्थितीवर कोणीतरी दुरुस्तीची कृती करायला हवी, तीच अलार्म. या कसोटीवर बाजारातील गेटवेंचे अनेक अलार्म टिकणार नाहीत.

पूर्वपीठिका : ही परिभाषा दूरसंचारातून आली. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या एक्स.७३३ या १९९२ च्या शिफारशीने क्रिटिकल, मेजर, मायनर, वॉर्निंग, अनिश्चित आणि निवारित अशा तीव्रता ठरवल्या. त्याच वर्षीच्या एक्स.७३६ मध्ये सुरक्षाविषयक अलार्म वेगळे काढले. उपकरण आजारी असणे आणि उपकरणावर किंवा त्यामागील नेटवर्कवर हल्ला होणे या दोन बाबींतील सीमारेषा तेव्हाच आखली गेली होती. उत्पादकांनी पुढे ती सारख्याच काटेकोरपणे पाळली असे नाही. रंगांचा वापरही एकसारखा नाही. टी-१ वाहिनीवर लाल म्हणजे आपल्याकडे येणारा संकेत तुटला आणि पिवळा म्हणजे समोरच्या टोकाने बिघाड कळवला. गेटवेच्या दर्शनी पट्टीवरील लाल-पिवळे दिवे मात्र केवळ तीव्रता दाखवतात. दूरसंचारातून संगणक-नेटवर्ककडे आलेल्या तंत्रज्ञांचा येथे सुरुवातीला घोटाळा होतो.

जुनॉसमधील रचना : ज्युनिपर कंपनीच्या एसआरएक्स मालिकेतील गेटवे जुनॉस या कार्यप्रणालीवर चालतात. त्यांच्या अलार्मचे दस्तऐवजीकरण तपशीलवार असल्याने येथे तेच आधाराला घेतले आहे. जुनॉसमध्ये दोनच तीव्रता आहेत : मेजर म्हणजे लाल आणि मायनर म्हणजे पिवळा. अलार्मचे प्रकार तीन. चॅसिस अलार्म पंखे, तापमान, वीजपुरवठा अशा हार्डवेअरशी निगडित असतात. इंटरफेस अलार्म मुळात बंद असतात, कोणत्या जोडणीचा कोणता बिघाड कोणत्या रंगाने दाखवायचा हे प्रशासकाने ठरवायचे. सिस्टिम अलार्म पूर्वनिश्चित असतात. त्यांत राखीव कॉन्फिगरेशन आणि लायसन्स हे दोन विषय प्रमुख आहेत. ‘शो सिस्टिम अलार्म्स’ आणि ‘शो चॅसिस अलार्म्स’ या आज्ञा अलार्म लागल्याची वेळ, वर्ग आणि वर्णन एका ओळीत देतात. तपासताना दोन्ही चालवाव्यात. क्लस्टरमध्ये प्रत्येक नोडची यादी वेगळी छापली जाते आणि घाईत फक्त पहिली वाचली जाण्याचा धोका असतो. वेळेच्या रकान्यावरही डोळे झाकून भिस्त ठेवू नये. रीबूटनंतर जुनाच दोष नव्या वेळेने नोंदला जातो आणि उपकरणाचे घड्याळ एनटीपीशी जुळलेले नसेल तर ती वेळही निरुपयोगी.

राखीव कॉन्फिगरेशनचा अलार्म : नव्या एसआरएक्सवर बहुधा सर्वांत आधी भेटणारा अलार्म हा, ‘रेस्क्यू कॉन्फिगरेशन इज नॉट सेट’. तीव्रता मायनर. वाहतुकीवर त्याचा काहीही परिणाम नसतो आणि म्हणूनच तो महिनोन्‌महिने तसाच राहतो. जुनॉस चालू कॉन्फिगरेशनसह मागच्या प्रती मिळून पन्नासपर्यंत प्रती ठेवते. रेस्क्यू प्रत या फिरत्या साखळीबाहेर, वेगळ्या फायलीत असते. प्रशासकाने चुकीची आज्ञा कमिट करून स्वतःलाच बाहेर कोंडून घेतले तर ‘रोलबॅक रेस्क्यू’ने ज्ञात स्थितीवर परतता यावे हा तिचा हेतू. शाखा कार्यालयांसाठीच्या लहान मॉडेलांवर ‘रीसेट कॉन्फिग’ हे आत दबलेले बटण असते. ते क्षणभर दाबून सोडले की रेस्क्यू प्रत लागू होते. पंधरा सेकंद किंवा अधिक दाबून धरले की सर्व कॉन्फिगरेशन, रेस्क्यू प्रतीसह, पुसले जाऊन कारखान्यातील मूळ स्थिती येते. दूरच्या शाखेतील कर्मचाऱ्याला फोनवरून ‘बटण दाबा’ एवढेच सांगणे यासाठी घातक असते.

‘रिक्वेस्ट सिस्टिम कॉन्फिगरेशन रेस्क्यू सेव्ह’ ही आज्ञा दिली की अलार्म उतरतो. येथे एक पळवाट राहते. प्रणाली फक्त प्रत आहे की नाही एवढेच पाहते. ती कामाची आहे का, हे तपासत नाही. अर्धवट मांडणीच्या पहिल्या दिवशी केवळ पिवळा दिवा घालवण्यासाठी जतन केलेली प्रत पुढे आपोआप अद्ययावत होत नाही आणि ती शिळी झाली म्हणून कोणताही अलार्म लागत नाही. आयपी पत्ते बदललेल्या जागी अशी प्रत लावणे म्हणजे तिथला संपर्क पुन्हा तोडणे. मोठा बदल स्थिरावला की प्रत नव्याने जतन करणे आणि तिच्यात रूट पासवर्ड असल्याची खात्री करणे हाच यावरचा इलाज. दिवा विझवण्यासाठी ती आज्ञा देणाऱ्यांपेक्षा अलार्म तसाच ठेवणारे एका परीने बरे, त्यांना निदान आपल्याकडे काय नाही हे ठाऊक असते.

याच कुळातील दुसरा मायनर अलार्म ‘बूट फ्रॉम बॅकअप रूट’. मुख्य विभाजन खराब झाल्याने उपकरण राखीव विभाजनावरून सुरू झाले असा त्याचा अर्थ. अचानक वीज गेल्यानंतर तो दिसू शकतो. काम चालू राहते, पण आधार आता एकाच विभाजनाचा. स्नॅपशॉट घेऊन मुख्य विभाजन पुन्हा लिहावे लागते. रंग पिवळा असला तरी तो आठवडाभर टाळण्यासारखा नाही. याउलट व्यवस्थापनाच्या इथरनेट पोर्टला केबल नसली तरी मेजर अलार्म लागू शकतो. तो पोर्ट वापरातच नसेल तर कॉन्फिगरेशनमध्ये एक ओळ घालून त्याकडे दुर्लक्ष करायला सांगता येते.

लायसन्स : मुदत संपली किंवा लायसन्सविना सुविधा वापरली की मायनर अलार्म. घुसखोरी-प्रतिबंधाच्या बाबतीत जुनी सिग्नेचर काम करत राहतात, नवी येणे थांबते. बाहेरून काहीच बदललेले दिसत नाही.

ध्वनी : जुनॉसमध्ये सुरक्षा अलार्मला बीप जोडता येतो.

इतर उत्पादक : फोर्टिगेटमध्ये मेमरीच्या वापरावर ‘कॉन्झर्व्ह मोड’ ठरतो. मूळ मांडणीत ८८ टक्क्यांना उपकरण या अवस्थेत जाते, ९५ टक्क्यांना नवी सत्रे नाकारू लागते आणि वापर ८२ टक्क्यांखाली आल्यावर पूर्ववत होते. म्हणजे येथे इशारा केवळ सूचना राहत नाही, उपकरणाची वागणूकच बदलतो. सिस्को एएसएमध्ये संदेशाच्या क्रमांकातच तीव्रता असते. त्याची एक खोड प्रसिद्ध आहे : सिसलॉग टीसीपीवरून पाठवण्याची मांडणी असेल आणि तो सर्व्हर बंद पडला, तर एएसए नव्या जोडण्या नाकारते. नोंद होत नसेल तर वाहतूकही नको, असा त्यामागचा सुरक्षावादी विचार. ‘लॉगिंग परमिट-होस्टडाउन’ ही ओळ तो मोडून काढते. ती घालावी की नाही, यावर सुरक्षा आणि नेटवर्क विभागांत मतभेद असतात. पॅलो आल्टोच्या सिस्टिम लॉगमध्ये क्रिटिकल ते इन्फर्मेशनल अशा पाच पायऱ्या आहेत.

वहन : अलार्म नेटवर्कवर देखरेख करणाऱ्या कक्षापर्यंत (एनओसी) पोचतो तो मुख्यतः सिसलॉग आणि एसएनएमपी ट्रॅप यांद्वारे. आरएफसी ५४२४ मध्ये सिसलॉगच्या तीव्रता शून्य ते सात अशा आठ असून शून्य सर्वांत गंभीर. पारंपरिक सिसलॉग यूडीपी ५१४ वर, ट्रॅप यूडीपी १६२ वर. दोन्हींत पोच मिळत नाही, संदेश वाटेत हरवला तर कोणालाच कळत नाही. एसएनएमपीच्या दुसऱ्या आवृत्तीतील ‘इन्फॉर्म’ पोच मागतो. गेटवेची बाहेरची जोडणीच तुटली असेल तर त्या तुटण्याचा अलार्म त्याच जोडणीवरून जाऊ शकत नाही. त्यामुळे ट्रॅपची वाट पाहण्याबरोबर ठराविक अंतराने बाहेरून विचारणा करणे आणि उत्तर न येणे हाच अलार्म धरणे आवश्यक ठरते.

अलार्मचा पूर : २८ मार्च १९७९ च्या थ्री माईल आयलंड अणुभट्टीच्या अपघातात पहिल्या काही मिनिटांत शंभरहून अधिक अलार्म एकदम वाजले होते. त्यानंतर प्रक्रिया-उद्योगांत या विषयाचा अभ्यास वाढला. ईईएमयूए १९१ या ब्रिटिश मार्गदर्शिकेने एका चालकाला दहा मिनिटांत सरासरी एकाहून कमी अलार्म ही सुसह्य मर्यादा मानली. नेटवर्क क्षेत्रात इतका रूढ झालेला आकडा नाही.

भारतातील नियम : सर्ट-इन या सरकारी सायबर-सुरक्षा संस्थेच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार लॉग १८० दिवस जपणे, घड्याळे एनआयसी किंवा राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेच्या एनटीपी सर्व्हरांशी वा त्यांच्याशी जुळवलेल्या सर्व्हरांशी मिळवणे आणि सायबर घटना लक्षात आल्यापासून सहा तासांत कळवणे बंधनकारक आहे. कळवण्याच्या घटनांची यादी मुख्यतः हल्ले, घुसखोरी आणि विदागळतीची आहे. पंख्याचा किंवा लायसन्सचा अलार्म तिच्यात बसत नाही, मात्र तो लागल्या-उतरल्याच्या लॉगला जपणुकीची मुदत लागू होते.