समुद्रकाठचा लोकप्रासाद : बेक्सहिलचे डी ला वॉर पॅव्हिलियन

वास्तू उभारण्यास द्रव्य लागते, पण ती राखण्यास पिढ्यान्‌पिढ्यांचे ममत्व लागते, हे आपल्या ज्ञातीतील वडीलधाऱ्यांना निराळे सांगावयास नको. सभागृहाची वा वसतिगृहाची पायाभरणी मोठ्या उत्साहाने होते. पंचवीस वर्षांनी गळके छप्पर कोणी दुरुस्त करावयाचे, या प्रश्नापाशी मात्र सभा अडून बसते. या दृष्टीने इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील एका लोकवास्तूचा इतिहास मननीय वाटल्यावरून तो ज्ञातिबंधुभगिनींस थोडक्यात सादर करीत आहे.

ससेक्स परगण्यातील बेक्सहिल हे समुद्रकाठचे एक लहान शहर. डी ला वॉर या उमराव घराण्याने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ते हवापालटाचे ठिकाण म्हणून विकसित केले. या नावाचा उच्चार ‘डेलावेअर’ असा होतो. अमेरिकेतील डेलावेअर राज्याचे नाव याच घराण्यातील एका पूर्वजावरून पडले आहे. आपल्या देशाशीही या किनाऱ्याचा संबंध आहे. कूचबिहारचे महाराज नृपेंद्रनारायण हे १९११ साली बेक्सहिल येथेच निवर्तले. त्यांच्या स्मरणार्थ समुद्रकाठी १९१३ साली एक पाणपोई उभी राहिली. त्याच वर्षी त्यांचे चिरंजीव जितेंद्रनारायण यांचा विवाह बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या कन्या इंदिराराजे यांच्याशी झाला, ही गोष्ट मराठी वाचकांस परिचित असेल. पुढे त्याच जागी नवी इमारत बांधण्याचे ठरले, तेव्हा ही पाणपोई तेथून एका उद्यानात हलविण्यात आली. ती नवी इमारत हाच आपल्या लेखाचा विषय होय.

१९३२ साली नववे अर्ल डी ला वॉर हे बेक्सहिलचे नगराध्यक्ष झाले. जन्माने ते उमराव, परंतु विचाराने समाजवादी होते. सूर्यप्रकाश, मोकळी हवा, संगीत व वाचन ही केवळ श्रीमंतांची मिरास नसावी, तर नगरपालिकेने ती सर्वांस उपलब्ध करून द्यावी, ही त्यांची तळमळ होती. त्यांच्या पुढाकाराने समुद्रकाठी सार्वजनिक करमणूकगृह बांधण्याचे ठरले आणि १९३३ साली वास्तुविशारदांची खुली स्पर्धा जाहीर झाली. तीत दोनशे तीसहून अधिक आराखडे आले. परीक्षक टॉमस टेट यांनी एरिक मेंडेलसोन व सर्ज चर्मायेफ या भागीदारांची निवड केली.

या निवडीमुळे वाद माजला. मेंडेलसोन हे जर्मनीतील नामांकित ज्यू वास्तुविशारद; पॉट्सडॅम येथील आइन्स्टाइन मनोरा ही त्यांची विख्यात कृती. नाझी सत्ता येताच १९३३ साली त्यांना स्वदेश सोडावा लागला होता. चर्मायेफ यांचा जन्म रशियन साम्राज्यातील ग्रोझ्नी येथला, शिक्षण इंग्लंडातले. देशी कारागीर बेकार असता परकीयांस काम का द्यावे, असा आक्षेप काहींनी घेतला. फॅसिस्ट पक्षाच्या पत्राने तर तो उघड द्वेषाने मांडला. परंतु गुणांवरून झालेला निर्णय फिरला नाही. १२ डिसेंबर १९३५ रोजी यॉर्कचे ड्यूक, म्हणजे पुढील राजे सहावे जॉर्ज, व त्यांच्या पत्नी यांच्या हस्ते वास्तूचे उद्‌घाटन झाले. खर्चाचा अंदाज ५०,००० पौंडांचा होता. प्रत्यक्षात तो सुमारे ८०,००० पौंडांपर्यंत गेला.

वास्तूची रचना अत्यंत साधी आणि म्हणूनच मनोहर आहे. समुद्राला समांतर अशी ही लांब, पांढरीशुभ्र, सपाट छपराची इमारत असून तिच्यावर कमानी, घुमट वा नक्षी काही नाही. पश्चिमेच्या बाजूस नाट्यगृह आणि पूर्वेच्या बाजूस उपाहारगृह व वाचनाच्या जागा, अशी योजना होती. या दोहोंच्या मध्ये दक्षिणेकडील जिना अर्धवर्तुळाकार काचेच्या भिंतीत बसविलेला आहे. मधोमध लोंबणाऱ्या उंच दिव्याभोवती तो वळत वळत वर जातो आणि चढणाऱ्यास पायरीपायरीवर समुद्राचे नवे दर्शन घडते. खांबांवाचून पुढे आलेले सज्जे व छपरावरील गच्ची ही उन्हात बसणाऱ्यांसाठी होती. अभियंता फेलिक्स सॅम्युएली यांनी पोलादी सांगाड्याचे सांधे रिव्हेटांऐवजी वेल्डिंगने जोडले. ब्रिटनमधील मोठ्या इमारतींत या पद्धतीचा हा अगदी आरंभीचा प्रयोग होय. सांगाडा सडपातळ झाला म्हणूनच भिंतींच्या जागी काच आली. याच दशकात मुंबईच्या मरीन ड्राइव्हवर वळणदार सज्ज्यांच्या इमारती उठू लागल्या होत्या. समुद्र, ऊन व वारा यांकडे तोंड करून राहण्याची ती युगाचीच ओढ होती.

परंतु समुद्र जसे सौंदर्य देतो तसा तो लोखंडही खातो, हे कोकणच्या माणसास ठाऊक आहे. दुसऱ्या महायुद्धात इमारत लष्कराकडे गेली व शेजारच्या हॉटेलवर पडलेल्या बॉम्बमुळे तिलाही थोडी इजा पोहोचली. पुढे निधी अपुरा पडला. मूळ रचनेशी विसंगत फेरफार झाले. खाऱ्या हवेने पोलाद गंजले. १९८६ साली शासनाने तिला वारसावास्तूंच्या प्रथम श्रेणीत स्थान दिले. पण नोंदवहीत नाव चढल्याने गंज थांबत नाही. १९८९ साली तिच्या रक्षणार्थ एक विश्वस्त संस्था स्थापन झाली. शतक सरता सरता ही वास्तू मद्यगृहे चालविणाऱ्या एका कंपनीच्या हवाली करण्याचाही विचार झाला, त्यास विरोध झाला व तो बेत बारगळला. २००२ साली वारसा व कला यांच्या सार्वजनिक निधींतून ६० लाख पौंड मंजूर झाले आणि सुमारे ८० लाख पौंड खर्चाच्या जीर्णोद्धारानंतर ऑक्टोबर २००५ मध्ये ती कलाकेंद्र म्हणून पुन्हा लोकांस खुली झाली. तिचा कारभार धर्मादाय विश्वस्तांकडे सोपविण्यात आला.

महाराजांची पाणपोई मात्र वाचली नाही. उद्यानातूनही ती पुढे नाहीशी झाली. एकाच किनाऱ्यावरील दोन स्मारकांची ही दोन दैवे. एकीस कोणी वाली उरला नाही, दुसरीस गावकरी लाभले.

यातून आपण घ्यावयाचे ते एवढेच. सार्वजनिक काम योजताना ‘आपला की परका’ हे न पाहता योग्यता पाहावी. बेक्सहिलने ते केले म्हणून त्याचे नाव आज जगभरच्या वास्तुविशारदांच्या तोंडी आहे. आणि देणगीदारांच्या नावांची शिला बसविताना दुरुस्तीनिधीचीही तजवीज त्याच दिवशी करावी. पूर्वजांनी पै-पै जमवून उभारलेल्या ज्या वास्तू आपल्या हाती आल्या आहेत, त्यांची यंदा पावसाळ्यापूर्वी आपल्यापैकी प्रत्येकाने एकदा तरी जाऊन पाहणी करावी, अशी सर्व कुटुंबांस नम्र विनंती आहे.