रिस्लेची मोजपट्टी आणि बाबासाहेबांची तपासणी

अज्ञानी कोण, या प्रश्नाचे उत्तर आपल्या समाजव्यवस्थेने फार पूर्वीच ठरवून टाकले आहे. ज्याला अक्षर शिकू दिले नाही तो अज्ञानी, आणि ज्याने शिकू दिले नाही तो ज्ञानी! पण इतिहास बारकाईने पाहिला तर वेगळेच चित्र दिसते. निरक्षर माणसाच्या अज्ञानाची झळ बहुधा त्याला आणि त्याच्या घराला लागते. विद्वानाचे अज्ञान मात्र ग्रंथात शिरते, सरकारी अहवालात शिरते, शाळेच्या पुस्तकात शिरते आणि पिढ्यान्‌पिढ्या लाखोंच्या मानेवर बसते. कारण ते आत्मविश्वासाने बोलते, आणि सोबत आकडे घेऊन बोलते. अशा अज्ञानाचे एक ठळक उदाहरण येथे तपासावयाचे आहे. ते म्हणजे नाक मोजून जातीचे मूळ शोधण्याचा उद्योग.

हर्बर्ट होप रिस्ले (१८५१-१९११) हा आय.सी.एस. अधिकारी. १८८५ साली बंगालमधील जाती-जमातींच्या पाहणीचे काम त्याच्याकडे आले. फ्रेंच मानवशास्त्रज्ञ तोपिनार याची पद्धत त्याने उचलली आणि उत्तर भारतातील सुमारे ६,००० माणसांची मापे घेवविली. डोके, कपाळ, उंची सारेच मोजले गेले. पण त्याची खरी भिस्त नाकावर होती. नाकाची रुंदी भागिले नाकाची उंची, गुणिले शंभर, असा हा नासिका-निर्देशांक. ७० च्या आत असेल तर नाक सरळ, ८५ च्या वर गेले तर बसके. या आकड्यांवरून रिस्लेने एक नियमच मांडला : जातीचे सरासरी नाक जितके रुंद, तितका तिचा सामाजिक दर्जा खालचा. म्हणजे वरचे ते आर्य, खालचे ते द्रविड किंवा आदिवासी. आणि जात म्हणजे दोन वंशांच्या संघर्षाचा अवशेष.

या सिद्धान्ताला वेदाचाही आधार दाखविण्यात आला. ऋग्वेदात दस्यूंना एके ठिकाणी ‘अनास’ म्हटले आहे. मॅक्समुल्लरने त्याची फोड ‘अ-नास’ अशी केली आणि दस्यू नकटे ठरले. सायणाचार्यांची फोड ‘अन्‌-आस’ अशी आहे. तिचा अर्थ मुख नसलेले, म्हणजे ज्यांना नीट बोलता येत नाही असे. बाबासाहेबांनी शूद्रांच्या उत्पत्तीवरील १९४६ च्या ग्रंथात हा शब्द हाती घेतला आणि सायणाचा अर्थच बरोबर असल्याचे दाखविले. कारण दस्यूंना अन्यत्र ‘मृध्रवाक्’, म्हणजे दूषित वाणीचे, असेही म्हटले आहे. एका शब्दाची फोड चुकीच्या जागी केली आणि त्यातून एका वंशाचे नाक कापले गेले!

पण रिस्लेची मुख्य चूक व्याकरणाची नव्हती, तर्काची होती. उच्च कोण, नीच कोण हा क्रम त्याला नाकातून मिळाला नव्हता. तो त्याने प्रचलित समाजमतातून घेतला होता, आणि हे समाजमत म्हणजे मुख्यतः ब्राह्मणी मत. १९०१ च्या जनगणनेचा प्रमुख झाल्यावर तर त्याने सामाजिक श्रेष्ठतेच्या क्रमाने जाती मांडण्याचे फर्मानच काढले. आधी उतरंड गृहीत धरायची, मग त्या उतरंडीला जुळणारी नाके दाखवायची आणि शेवटी उतरंड निसर्गसिद्ध आहे असे जाहीर करायचे! मनुस्मृतीने ईश्वराच्या नावाने सांगितले, रिस्लेने विज्ञानाच्या नावाने सांगितले. निष्कर्ष एकच निघाला.

रिस्लेच्या काळात याला विरोध झालाच नाही असे नाही. त्याच्याच नोकरशाहीतील नेसफील्डने १८८५ साली लिहून ठेवले होते की, जातीचे मूळ धंद्यात आहे, वंशात नाही. काशीच्या संस्कृत महाविद्यालयातील उच्चवर्णीय विद्यार्थी आणि तेथले रस्ते झाडणारे भंगी हे वेगळ्या वंशाचे आहेत, अशी शंकाही परक्या माणसाला येणार नाही. पण नेसफील्डपाशी मोजपट्टी नव्हती. मोजपट्टीपुढे डोळ्यांचा पुरावा फिका पडला.

आपल्याकडच्या उच्चवर्णीयांना हे विज्ञान कडू लागले असते, तर ते टिकले नसते. पण ते गोड लागले. १८७७ सालीच केशवचंद्र सेन यांनी इंग्रज आणि हिंदू यांच्या भेटीला ताटातूट झालेल्या आर्य भावंडांची भेट म्हटले होते. राज्यकर्त्याशी भाऊबंदकीचे नाते जुळत असेल, तर शेजारच्या वस्तीतील माणूस परका ठरल्याचे दुःख कोणाला होणार? जनगणनेतील क्रमवारीनंतर आपली जात वरच्या पायरीवर नोंदवा, अशा अर्जांची रीघ लागली. १९११ साली एकट्या बंगालमध्ये आलेल्या अर्जांचे वजन दीड मण भरले. पायऱ्याच नकोत, असे म्हणणारा अर्ज मात्र दुर्मीळ!

या सगळ्याची तपासणी कोणी केली? ९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात पंचविशीतील एका अस्पृश्य विद्यार्थ्याने जातिसंस्थेवर निबंध वाचला. युरोपीय अभ्यासक स्वतः वर्णद्वेषाने ग्रासलेले असल्यामुळे त्यांना जातीतही रंगच दिसतो, असे त्याने तेथे बजावले. जातीचे मर्म रक्तात नसून जातीतल्या जातीत लग्न लावण्याच्या सक्तीत आहे, हा त्याचा सिद्धान्त होता. १९३६ साली जातिनिर्मूलनावरील प्रबंधात बाबासाहेबांनी तो आणखी स्पष्ट केला : पंजाबचा ब्राह्मण आणि पंजाबचा चांभार एकाच वंशाचे, मद्रासचा ब्राह्मण आणि मद्रासचा परिया एकाच वंशाचे.

अस्पृश्यांवरील १९४८ च्या ग्रंथात त्यांनी याहून पुढचे पाऊल टाकले. मोजपट्टीला शिव्या न देता त्यांनी मोजपट्टीचे आकडेच मागून घेतले. मालवणचे समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये यांनी १९३२ साली ही मापे पुन्हा तपासली होती. घुर्ये दलित चळवळीचे कैवारी नव्हते, म्हणून तर त्यांची साक्ष मोलाची. संयुक्त प्रांतात रिस्लेचा क्रम जुळतो, हे त्यांना मान्य होते; पण त्याच प्रांतातील ब्राह्मण शरीराच्या मापाने पंजाबातील अस्पृश्य चुहऱ्याला जवळचा निघाला! आणि महाराष्ट्रात? देशस्थ ब्राह्मण चित्पावनापेक्षा सोनकोळ्याला जवळचा. त्यानंतर कुणबी आणि महार. शेणवी आणि उच्च मराठे त्याच्याही नंतर. बाबासाहेबांनी निष्कर्ष काढला : मानवमिती हे विश्वासार्ह शास्त्र असेल तर ब्राह्मण आणि अस्पृश्य एकाच वंशाचे आहेत. ब्राह्मण आर्य असतील तर अस्पृश्यही आर्य, ब्राह्मण द्रविड असतील तर अस्पृश्यही द्रविड.

शास्त्रानेही पुढे रिस्लेची साथ सोडली. नाकाची रुंदी हवेच्या उष्णतेशी आणि आर्द्रतेशी निगडित आहे, हे थॉमसन आणि बक्स्टन यांनी १९२३ सालीच दाखविले. २००९ आणि २०१३ च्या जनुकीय संशोधनातून दिसले की, भारतातील जवळजवळ सर्व समूह मिश्र आहेत. मिश्रणाचे प्रमाण प्रदेशागणिक आणि काही अंशी जातीगणिक बदलते, हे खरे. पण सुमारे ४,२०० ते १,९०० वर्षांपूर्वीपर्यंत सर्वत्र सरमिसळ चालू होती आणि नंतर ती थांबत गेली. आधी माणसे मिसळली, मग त्यांच्यामध्ये भिंती उभ्या राहिल्या. बाबासाहेबांनी १९३६ साली हेच सांगितले होते.

आता एक कटू गोष्ट. ही मोजपट्टी केवळ रिस्लेच्या खिशात राहिली नाही. जोतीराव फुल्यांनी १८७३ च्या ‘गुलामगिरी’त आर्यांच्या आक्रमणाचा सिद्धान्त उलटा करून ब्राह्मणी श्रेष्ठत्वावरच रोखला. उपलब्ध ज्ञानाचा तो क्रांतिकारक वापर होता. १९२० च्या दशकातील ‘आदि’ चळवळींनी वाकलेल्या माणसांना ताठ उभे केले, हेही आपले ऋण आहे. पण आज आपल्याच काही व्यासपीठांवरून रक्ताच्या शुद्धतेची, मूळ वंशाची भाषा छातीठोकपणे बोलली जाते, तेव्हा विचारावे लागते : आपण बाबासाहेबांचे बोलत आहोत की रिस्लेचे? जात रक्तात असेल तर ती कधीच नष्ट होणार नाही. ती माणसाने घातलेल्या बंधनात असेल तरच तोडता येईल. वंशाचा अभिमान आणि जातिनिर्मूलन ही दोन्ही एका हातात मावत नाहीत.

२०२५ साली केंद्र सरकारने आगामी जनगणनेत सर्व जातींची नोंद करण्याचा निर्णय जाहीर केला. १९३१ नंतर अशी मोजणी पूर्णत्वाने झाली नव्हती. मोजणीला भिण्याचे कारण नाही. जमीन किती, शिक्षण किती, नोकऱ्या किती, हे मोजलेच पाहिजे. विषमता लपविणाऱ्यांनाच आकडे नको असतात. पण आकडा हाती आला की कार्यकर्त्याने आणि विद्यार्थ्याने दोन प्रश्न विचारावेत : हे काय मोजले, आणि मोजण्यापूर्वी काय गृहीत धरले? रिस्लेने हे प्रश्न स्वतःला विचारले नाहीत. त्याच्याकडे सत्ता होती, पदवी होती, हजारो मापे होती; नव्हती ती फक्त शंका. बाबासाहेबांनी ती शंका घेतली. शंका घेण्याचा हा अधिकार आपल्याला कोणी दान दिलेला नाही, आणि तो आपल्या लोकांपुढेही गहाण टाकता कामा नये.