अर्धवटरावांचा आवाज

मराठी रंगभूमीचा इतिहास शिकवण्यास आरंभ करताना आम्ही गेली काही वर्षे वर्गात तीन प्रश्न विचारत आलो आहोत. तात्या विंचू कोण, हा पहिला. त्याला सगळे हात वर होतात. बोईसरच्या औद्योगिक वसाहतीत पोटापाण्यासाठी आलेल्या हिंदी भाषक कुटुंबांतली मुलेही त्यात असतात, कारण ‘झपाटलेला’ हा चित्रपट ‘खिलौना बना खलनायक’ या नावाने हिंदीत गेला आणि त्यांच्या घरीही पोहोचला. ती बाहुली कोणी घडवली, हा दुसरा प्रश्न. येथे हात निम्म्याहून कमी होतात आणि बहुतेक जण दिग्दर्शक महेश कोठारे यांचे नाव घेतात. तिसरा प्रश्न, तिच्या तोंडून बोलले कोण? आता वर्गात शांतता पसरते. विद्यार्थ्यांना हसण्याचे कारण नाही. या विषयाला अभ्यासक्रमात आम्ही तरी कोठे जागा दिली आहे?

बाहुली सर्वांच्या स्मरणात राहते आणि बोलविता धनी विस्मरणात जातो, हे या कलेचे भाग्य म्हणावे की दुर्भाग्य, याचा विचार रामदास पाध्ये यांच्या कारकिर्दीच्या निमित्ताने करावा असे आम्हाला वाटते.

प्रथम शब्दाकडे पाहू. ‘व्हेन्ट्रिलोक्विझम’ या मूळ लॅटिन संज्ञेचा अर्थ पोटातून बोलणे असा होतो. प्राचीन काळी लोकांना खरोखरच तसे वाटत असे आणि अशा बोलणाऱ्याच्या ठायी पिशाच्च किंवा दैवत वास करते अशी समजूत होती. मराठीने मात्र या कलेला ‘शब्दभ्रम’ हे नाव दिले. ते आम्हाला अधिक शास्त्रशुद्ध वाटते. पोटातून कोणी बोलत नाही आणि आवाज दूर फेकताही येत नाही. आवाज येतो तो कलावंताच्या कंठातूनच. भ्रम होतो तो ऐकणाऱ्याला. ओठ कोणाचे हलतात हे डोळे पाहतात आणि कान डोळ्यांच्या साक्षीवर विश्वास ठेवतात.

याचा अनुभव आम्ही लहानपणी घेतला होता, अर्थ फार उशिरा कळला. वसाहतीतल्या गणेशोत्सवात एक शब्दभ्रमकार आले होते. मांडीवर लाकडी बाहुला, समोर उभा ध्वनिक्षेपक आणि मंडपाच्या डाव्या कोपऱ्यात बांबूला बांधलेला कर्णा. आवाज येत होता त्या कर्ण्यातून, रंगमंचापासून चांगला वीस पावले दूर. तरीही मंडपातल्या एकाही मुलाने कर्ण्याकडे मान वळवली नाही. बाहुलाच बोलत होता. प्रयोग संपल्यावर त्याला पेटीत ठेवून झाकण लावले, तेव्हा आमच्यातला एक जण रडला.

आता व्याकरणाकडे येऊ. शब्दभ्रमकाराचे खरे वैरी म्हणजे ओष्ठ्य वर्ण. प, फ, ब, भ आणि म हे ओठ मिटल्यावाचून उच्चारता येत नाहीत, आणि ओठ हलले की भ्रम फुटला. यावर उपाय असा की जीभ दातांमागे नेऊन जवळचा दंत्य वर्ण काढायचा आणि श्वासाच्या दाबाने त्याला ओष्ठ्याचा भास द्यायचा. ‘प’च्या जागी ‘त’, ‘ब’च्या जागी ‘द’, ‘म’च्या जागी ‘न’. साधना कच्ची असेल तर बाहुली ‘बाबा’ म्हणते आणि प्रेक्षकांना ‘दादा’ ऐकू येते. ‘मामा’चे ‘नाना’ होतात. पाध्ये घराण्याच्या मुख्य बाहुल्याचे नाव या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. ‘अर्धवटराव’ या नावात पवर्गातला एकही वर्ण नाही. हे हेतुपूर्वक झालेले असो वा योगायोगाने, शब्दभ्रमकाराला स्वतःच्या सोबत्याची ओळख करून देण्यास इतके सोयीचे नाव मराठीत शोधून सापडणे कठीण. पत्नी आवडाबाई यांच्या नावात मात्र एक ‘ब’ आहे!

अर्धवटराव हे रामदास पाध्ये यांना वारशाने मिळाले. त्यांचे वडील यशवंत केशव पाध्ये हे जादूगार आणि आपल्याकडील शब्दभ्रमकलेचे आद्य प्रवर्तक. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातला हा बाहुला वयाने शंभरी ओलांडून गेला आहे. रामदास पाध्ये यांनी १९६७ साली रंगमंचावर स्वतंत्रपणे पाऊल ठेवले. ते शिक्षणाने यंत्र अभियंता, ही बाब चरित्रातला किरकोळ तपशील म्हणून सोडून देण्याजोगी नाही. बोलक्या बाहुलीची मान वळते, बुबुळे फिरतात, जबडा उघडतो, ते पाठीतल्या पोकळीत दडवलेल्या तारा, खटके आणि स्प्रिंगा यांच्या जोरावर. एका हाताच्या बोटांनी ही यंत्रणा चालवायची, दुसऱ्या हाताने आणि चेहऱ्याने स्वतःचा अभिनय करायचा, दोन आवाजांत संवाद करायचा आणि बाहुली बोलत असताना आपण ऐकणाऱ्याचा चेहरा धारण करायचा. हे चौथे काम आम्हाला सर्वांत अवघड वाटते. आपल्याच विनोदावर आपणच चकित होण्याचा अभिनय रोज करावा लागतो.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्याच्या आरंभीच्या काळातच पाध्ये यांच्या बाहुल्या पडद्यावर आल्या. नाट्यगृहातल्या विसाव्या रांगेतून ओठांची हालचाल दिसत नाही. दूरचित्रवाणीचा कॅमेरा मात्र चेहरा हातभर अंतरावर आणून ठेवतो. म्हणजे या माध्यमाने शब्दभ्रमकाराची परीक्षा कठोर केली. उलट अमेरिकेतल्या एडगर बर्गन यांची गंमत पाहा. १९३७पासून दोन दशके ते शब्दभ्रमकार म्हणून गाजले ते नभोवाणीवर, जेथे ओठ दिसण्याचा प्रश्नच नव्हता! श्रोत्यांनी चार्ली मॅकार्थी या बाहुल्याला न पाहताच खरा मानला, याचे कारण त्याचा स्वभाव. आगाऊ, हजरजबाबी, मालकाचा पाणउतारा करणारा. अर्धवटरावही त्याच कुळातले. जे सभ्य माणसाला बोलता येत नाही ते बाहुल्याने बोलावे आणि मालकाने कानावर हात ठेवावेत, ही विदूषकाची जुनीच रीत आहे.

जाहिरातीच्या क्षेत्रात पाध्ये यांनी जे केले ते बहुधा त्यांच्या रंगमंचावरील कामापेक्षाही अधिक घरांत पोहोचले. १९५९ साली गिरगावात सात स्त्रियांनी ८० रुपयांच्या उसन्या भांडवलावर सुरू केलेल्या लिज्जत पापडाच्या उद्योगाला दूरचित्रवाणीवर चेहरा मिळाला तो त्यांच्या सशाचा. ते गडगडाटी हसू आठवत नाही असा आमच्या पिढीतला माणूस विरळा. ते हसणाऱ्याचे नाव मात्र पडद्यावर कधी आले नाही, कारण जाहिरातीत श्रेयनामावली नसते.

१९९३ साली ‘झपाटलेला’ आला. अमेरिकेत १९८८मध्ये आलेल्या ‘चाइल्ड्स प्ले’शी त्याचे कथाबीज जुळते, हे सर्वश्रुत आहे. पण तात्या विंचू ही बाहुली रामदास पाध्ये यांनी घडवली आणि चालवली, तर आवाज दिला दिलीप प्रभावळकरांनी. येथे एक मोठा बदल झाला, त्याकडे लक्ष वेधावेसे वाटते. अर्धवटरावांच्या ठिकाणी हात आणि कंठ एकाच माणसाचे होते. तात्या विंचूच्या ठिकाणी हात एकाचे, कंठ दुसऱ्याचा, आणि हिंदीत गेल्यावर तर भाषाही निराळी. बाहुली तीच राहिली, आवाज बदलता आला. शब्दभ्रमाची कला येथे ध्वनिमुद्रणाच्या तंत्रात विरघळली.

हे विरघळणे इतरत्रही झाले आहे. अमेरिकेतले पॉल विंचेल (१९२२-२००५) जेरी महोनी या बाहुल्यासह दूरचित्रवाणीवर गाजले आणि १९६८पासून डिस्नेच्या टिगर या चित्रवाघाचा आवाज झाले. बाहुल्यांची यंत्रणा जाणणाऱ्या या माणसाने कृत्रिम हृदयाचा आराखडाही केला होता; १९६३ साली त्याला त्याचे एकस्व मिळाले. त्यांच्या मुलांसाठीच्या कार्यक्रमाच्या फिती मात्र वाहिनीने पुसून टाकल्या. विंचेल न्यायालयात गेले आणि १९८६मध्ये ज्युरीने त्यांना १ कोटी ७८ लाख डॉलर देववले. पैसे मिळाले, कार्यक्रम परत आला नाही.

हे सारे आमच्या परिसराच्या संदर्भात का सांगावे? पालघर जिल्ह्याच्या पूर्व भागात, जव्हार-मोखाड्याकडे, बोहाडा होतो. होळीनंतरच्या दिवसांत गणपती, सरस्वती, रावण अशी सोंगे रात्रभर नाचतात. मुखवटा जड, वाद्यांचा गजर मोठा, आत कोण आहे हे गावाला ठाऊक असते आणि तरीही त्या रात्रीपुरता तो देवच असतो. तळकोकणात पिंगुळीचे ठाकर कलावंत कळसूत्री बाहुल्या पिढ्यान् पिढ्या नाचवत आले. त्यांच्यातील परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली. चेहरा एकाचा आणि चैतन्य दुसऱ्याचे, ही कल्पना या मातीला नवी नाही. पाध्ये यांनी ती कल्पना शहरात, विजेच्या दिव्यांत आणि पुढे छोट्या पडद्यावर नेली, एवढेच.

आणि हा धागा थेट आमच्या पहिल्या पाठापर्यंत जातो. मराठी रंगभूमीचा इतिहास आम्ही १८४३ साली सांगलीत झालेल्या विष्णुदास भावे यांच्या ‘सीतास्वयंवरा’पासून शिकवतो. भावे उत्तम बाहुल्या घडवत, हे वाक्य पाठ्यपुस्तकात असलेच तर अर्ध्या ओळीचे असते. त्या बाहुल्या काळाच्या ओघात जीर्ण झाल्या. त्यांची डागडुजी करून त्यांना पुन्हा रंगमंचावर उभे करण्याचे काम रामदास आणि अपर्णा पाध्ये यांनी केले. ज्या कामाचे महत्त्व मराठीच्या प्राध्यापकांनी आधी ओळखायला हवे होते ते एका शब्दभ्रमकाराने केले, ही गोष्ट आम्ही थोड्या संकोचानेच येथे नोंदवतो.

नाटककाराची संहिता उरते, नटाचे छायाचित्र उरते. बाहुली पेटीत उरते, पण तिला बोलते करणारी बोटांची आणि श्वासाची लय शिकवल्यावाचून उरत नाही. पाध्ये यांचे पुत्र सत्यजित आणि परीक्षित यांनी ती उचलली आहे, म्हणून या एका घराण्यापुरता प्रश्न तूर्त सुटला. आमच्या मंडपात आलेल्या त्या शब्दभ्रमकारांचे काय? त्यांचे नाव आज आम्हालाही आठवत नाही. बाहुल्याचे लाल जाकीट तेवढे आठवते.

यंदापासून आम्ही वर्गातल्या प्रश्नांचा क्रम उलटा केला आहे. आधी विचारतो, आवाज कोणाचा? असो.