घुमानचा नामा

माउली, पंढरीच्या महाद्वारी नामदेव पायरीवर आपण माथा टेकतो, पाय ठेवत नाही. पण आपला हा नामा पंजाबचाही आहे, हे ध्यानी असू द्या.

गुरुदासपूर जिल्ह्यातील घुमान गाव नामदेवरायांचे म्हणूनच ओळखले जाते. तिथे ते ‘बाबा नामदेव’. गुरू अर्जुनदेवांनी १६०४ साली आदिग्रंथ सिद्ध केला, त्यात नामदेवांची ६१ पदे आहेत. ती उत्तरेच्या बोलीत आहेत. विठ्ठल तिथे ‘बीठल’ झाला. गुरुद्वारात ती आजही रागदारीत गायिली जातात. १९४७ साली पंजाब दुभंगला, नानकदेवांचे जन्मस्थान सीमेपलीकडे राहिले. पण ग्रंथ दोहींकडे एकच राहिला, आणि त्यातला नामाही.

घुमानला गेलात तर लंगरात जरूर बसा. रोटी दोन्ही हात पसरून घ्यावी लागते. शेजारी कोण बसला, त्याची जात कोणती, हे कोणी विचारीत नाही. दिंडीतली पिठलं-भाकरीची पंगत आठवेल.

आपण म्हणतो, समाधी पायरीशी. ते म्हणतात, घुमानला. माउली, तिथे वाद घालू नका, पंगतीत मांडी घाला. नामदेवांनी नाम वाटले. त्याची वाटणी आपण करू नये.

रामकृष्णहरी!