महाडचं बंदर आणि रोमची जहाजं : पाले ते पोलादपूर, एक दिवस

मागच्या रांगेपर्यंत आवाज पोचतोय ना? पोचत असेल तर सुरुवात करू.

आजच्या विषयाची सुरुवात एका चुकीपासून झाली, आणि चूक आमचीच होती. आम्ही दहाबारा-पंधरा जणांचे छोटे गट घेऊन एका दिवसाच्या इतिहास सहली करतो. महाडच्या सहलीचं पत्रक काढताना त्यावर ठळक अक्षरात छापलं, 'रोमन महाड'. रविवारी सकाळी सात वाजता मुंबई-गोवा महामार्गालगत, पाले लेण्यांच्या पायथ्याशी चौदा माणसं जमली. पहिल्या वीस पायऱ्या चढून होतात न होतात तोच एका काकांनी विचारलं, "रोमन काय बघायचंय इथे?"

प्रश्न रास्त होता. महाडमध्ये रोमन खांब नाहीत, रोमन रस्ता नाही, स्नानगृह नाही. डोंगरात आहेत ती तीसेक बौद्ध लेणी, खाली गांधारी आणि सावित्रीचा संगम, आणि पलीकडे महाड शहर. मग आम्ही 'रोमन' कशाच्या आधारावर लिहिलं? त्या दिवशी आम्ही काहीतरी उत्तर दिलं, पण ते आमचं आम्हालाच पटलं नाही. परत आल्यावर पुस्तकं पुन्हा काढली. आजचं व्याख्यान म्हणजे त्या काकांना उशिरा दिलेलं उत्तर समजा.

सगळा डोलारा एका छोट्या ग्रीक पुस्तकावर उभा आहे. 'पेरिप्लस ऑफ द एरिथ्रियन सी'. एरिथ्रियन समुद्र म्हणजे तांबडा समुद्र आणि त्याच्या पुढचा आपला अरबी समुद्रही. लेखकाचं नाव माहीत नाही. पण माणूस इजिप्तमध्ये राहणारा, ग्रीक बोलणारा, व्यापारातला मुरलेला होता, हे त्याच्या लिहिण्यावरून कळतं. काळ इसवी सनाच्या पहिल्या शतकाचा मध्य. दहाव्या शतकातली एक हस्तलिखित प्रत टिकली म्हणून हे पुस्तक आज आपल्या हातात आहे. त्यात काव्य नाही, वर्णनाचा सोस नाही. कुठल्या बंदरात काय खपतं, काय मिळतं, कुठे खडक आहेत, कुठला राजा त्रास देतो, असं सगळं व्यापाऱ्याच्या चोपडीसारखं. इजिप्तहून जुलैमध्ये निघा, असं तो सांगतो. म्हणजे आपल्याकडे आषाढ-श्रावणाचा पाऊस कोसळत असताना ही जहाजं नैर्ऋत्य वाऱ्यावर स्वार होऊन निघायची आणि नारळी पौर्णिमेनंतर, समुद्र जरा निवळला की, आपल्या किनाऱ्याला लागायची.

हा माणूस कल्याणच्या पुढच्या बाजारपेठांची यादी देतो. सेमुल्ला, मंदागोरा, पालैपत्मै, मेलिझैगारा, अशी. सेमुल्ला म्हणजे चौल, यावर फारसा वाद नाही. मंदागोरा म्हणजे राजपुरीच्या खाडीवरचं मांदाड, असं बरेच अभ्यासक मानतात. आणि तिसरं पालैपत्मै. जुन्या गॅझेटियरकारांनी ते महाडजवळचं पाल, म्हणजे आपलं पाले, असं सुचवलं. दुसऱ्या काहींनी दाभोळ म्हटलं. आमचं पत्रक या 'सुचवलं' वर उभं होतं, आणि आम्ही 'सुचवलं'चं 'होतं' करून टाकलं होतं.

आता दोन्ही बाजू बघू. नुसत्या नावाच्या साम्यावर आमचा फार भरवसा नाही. कोकणात पाल, पाली, पाले या नावाची गावं इतकी आहेत, की नाव जुळवायचं म्हटलं तर आठवड्याला एक ग्रीक बंदर सापडेल. पण क्रम बघितला तर गंमत आहे. यादी उत्तरेकडून दक्षिणेकडे सरकते. चौल, मग मांदाड, आणि मांदाडनंतरची पुढची मोठी खाडी कुठली? बाणकोटची, म्हणजे सावित्रीची. तिच्यानंतर वाशिष्ठी, म्हणजे दाभोळ. दोघांचाही दावा इथे टिकतो.

विरुद्ध बाजूला पहिला आक्षेप असा की महाड समुद्रावर नाही. बाणकोटपासून खाडीने आत पन्नासेक किलोमीटर यावं लागतं. हा आक्षेप आम्हाला तितका जड वाटत नाही. त्या काळातलं पश्चिम किनाऱ्यावरचं सगळ्यात मोठं बंदर भरूच, तेही नर्मदेत आत होतं. पेरिप्लसकार सांगतो, की भरूचच्या राजाचे नावाडी मोठ्या होड्या घेऊन समोर येत, परदेशी जहाजांना वाट दाखवत आणि भरतीच्या जोरावर वर ओढून नेत. सावित्रीतही भरतीचं पाणी महाडपर्यंत चढतं. दासगाव, महाड ही आपल्या आजोबा-पणजोबांच्या काळापर्यंत गलबतांची बंदरं होती.

दुसरा आक्षेप मात्र वजनदार आहे, आणि तो खुद्द पेरिप्लसमध्येच आहे. भरूचबद्दल हा माणूस पानंच्या पानं लिहितो. तिथे इटलीची दारू खपते, तांबं, कथील, शिसं, पोवळी खपतात, राजासाठी चांदीची भांडी आणि गाणारी मुलं आणावी लागतात. केरळातल्या मुझिरिसबद्दलही असंच भरभरून लिहितो. पण कोकणातल्या बंदरांची? नुसती नावं. काय खपतं, काय मिळतं, एक शब्द नाही. त्यानंतर काही बेटांची नावं देतो आणि म्हणतो, या भागात चाचे आहेत. बंदरात उतरलेला माणूस असं लिहीत नाही. लांबून, किनारा डाव्या हाताला ठेवून जाणारा असं लिहितो.

का उतरला नसेल? त्याचं उत्तर त्याच्याच एका वाक्यात सापडतं. कल्याण पूर्वी रीतसर बाजारपेठ होती, पण संदनेस नावाच्या राजाच्या हाती गेल्यापासून तिथे अडथळे आहेत, आणि चुकून एखादं ग्रीक जहाज तिथे आलंच तर पहाऱ्यात भरूचला पाठवलं जातं, असं तो सांगतो. संदनेस कोण यावर अभ्यासकांचे वाद आहेत. पण चित्र स्पष्ट आहे. वर क्षत्रप, खाली सातवाहन, आणि मधे कोकणचा किनारा. भरूचच्या ज्या राजाचं नाव तो देतो तो बहुतेकांच्या मते नहपान. याच नहपानाची चांदीची नाणी गौतमीपुत्र सातकर्णीने आपला शिक्का मारून पुन्हा चालवली. नाशिकजवळ जोगळटेंभीला १९०६ मध्ये तेरा हजारांहून जास्त नाण्यांचा साठा सापडला, त्यातली बहुतेक अशी दुहेरी शिक्क्याची. या झटापटीमुळे पैठण आणि तेरचा माल जवळचे घाट सोडून गाड्यांवर लादून, आडवाटेने पार भरूचला जात होता. पैठण भरूचपासून वीस दिवसांवर आणि तगर, म्हणजे तेर, तिथून पूर्वेला दहा दिवसांवर, असं पेरिप्लसकार सांगतो. म्हणजे महिनाभर बैल चालवायचे. आज आपण टोलनाक्यावर वीस मिनिटं थांबलो की कावतो!

तर मग पालेच्या डोंगरात इतकी लेणी कोरायला पैसा कुठून आला? सहलीची खरी मजा इथून पुढे आहे.

वर एका लेण्याच्या भिंतीवर ब्राह्मी लेख आहे. गट छोटा ठेवण्याचं कारणही हेच. त्या अरुंद जागेत पंधरापेक्षा जास्त माणसं उभी राहिली तर कोणालाच काही दिसत नाही. बॅटरी समोरून मारायची नाही, भिंतीला चिकटवून बाजूने मारायची. उजेड तिरपा पडला की अक्षरांच्या कडा सावली धरतात आणि दोन हजार वर्षांपूर्वीचा छिन्नीचा घाव एकदम वर येतो. लेख सांगतो की हे लेणं, चैत्यगृह आणि आठ ओवऱ्या कुमार काणभोअ वेण्हुपालित याचं दान आहे. लेण्याच्या दोन्ही बाजूंना दोन पोढी, म्हणजे पाण्याची टाकी, आणि तिथवर जायची वाटही त्याचीच. कुमार म्हणजे राजपुत्र. कोकणात त्या काळी महाभोज म्हणवणारी स्थानिक राजघराणी होती, मांदाडजवळच्या कुडा लेण्यांत त्यांची नावं वारंवार येतात. हा कुमार त्यांच्यापैकी असावा. लेखाचं अक्षरवळण साधारण दुसऱ्या शतकातलं.

आम्ही लेख वाचून दाखवला की लोक आधी 'ओवऱ्या' या शब्दावर थांबतात. आपल्या देवळातली ओवरी! शब्द तोच. रोमन काही दाखवता आलं नाही तरी दोन हजार वर्षं जिवंत असलेला मराठी बोलीतला शब्द भिंतीवर दाखवता येतो.

मग सावित्री ओलांडून आम्ही कोलला जातो. लेणी लहान, पडझड झालेली, कोणी सहसा फिरकत नाही. पण तिथल्या छोट्या लेखांत संघरक्षित नावाचा श्रेष्ठी आहे, म्हणजे शेठ. धम्मसिरी नावाची एक बाई आहे, तिने लेणं दिलंय. राजपुत्र नदीच्या एका बाजूला आणि शेठजी, बायाबापड्या दुसऱ्या बाजूला. पैसा कोणाकडे होता ते यातून दिसतं. हा पैसा किनाऱ्यावरच्या देशी व्यापारातून आला असावा, असं आमचं मत. बाणकोटहून चौलला, कल्याणला, भरूचला जाणारी लहान गलबतं, मीठ, भात, लाकूड, घाटावरचं कापड. रोमच्या बाजाराने मागणी वाढवली, पण होड्या आपल्या होत्या, खलाशी आपले होते. प्लिनी तक्रार करतो की हिंदुस्थान दरवर्षी पाच कोटी सेस्टर्स रोमकडून ओढून घेतो. त्यातला एखादा कण पाच-सहा हातांतून फिरून संघरक्षिताच्या गल्ल्यात पडलाही असेल. तो स्वतः रोमन माणसाशी बोलला असेल का? आम्हाला शंका आहे.

दुपारी जेवण महाडात. चवदार तळ्यावर थांबल्याशिवाय पुढे जात नाही. पत्रकात ते आधी नव्हतं, 'विषयाला धरून नाही' म्हणून आम्हीच वगळलं होतं. पण सकाळी दोन पोढींचं दान वाचलेली माणसं दुपारी २० मार्च १९२७ च्या तळ्याशी उभी राहतात, तेव्हा कोणाला काही समजावून सांगावं लागत नाही. आता पत्रकात आहे.

नदीवरचा पूल ओलांडताना गाडीत आपोआप शांतता होते. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री इथलाच ब्रिटिशकालीन पूल पुरात वाहून गेला, गाड्या आणि माणसं घेऊन. जुलै २०२१ मध्ये बाजारपेठ पाण्यात होती. महाडकर गाळाबद्दल बोलतात तेव्हा आम्ही कान देऊन ऐकतो. पालेच्या खाली एखादा जुना धक्का असलाच, तर तो याच गाळाखाली असणार.

शेवटचा टप्पा पोलादपूर. इथे लोक कवींद्र परमानंदांची समाधी बघायला येतात, उमरठला तानाजींच्या गावी जातात, आणि ते बरोबरच आहे. आम्ही संध्याकाळी वर बघायला लावतो. महाबळेश्वरहून उतरलेली सावित्री इथूनच खाली जाते. आंबेनळीचा गाडीरस्ता एकोणिसाव्या शतकातला. त्याच्या आधीची वाट पार घाटाची, प्रतापगडाच्या पायथ्याने जाणारी. १६५९ मध्ये अफझलखान आला तो याच पारला. गड तिथे का बांधला, हे वाट बघितली की कळतं.

वर गेलं की वाई, तिथून कऱ्हाड. कुडाच्या लेण्यांत महिक नावाच्या एका लोखंडाच्या व्यापाऱ्याचा लेख आहे, आणि तो स्वतःला करहाकडचा, म्हणजे कऱ्हाडचा म्हणवतो. घाटावरचा लोहारमाल विकणारा माणूस खाडीकाठी येऊन लेण्यासाठी दान देतो. कुठल्या घाटाने उतरला ते त्याने कोरून ठेवलेलं नाही. पण पोलादपूरला उभं राहून, नकाशा हातात धरून, पार घाटाकडे बोट दाखवलं की गटातला प्रत्येक जण मान डोलावतो. आम्हीही डोलावतो आणि मग म्हणतो, ही आमची अटकळ आहे.

खरं रोमन बघायचंच असेल तर कोल्हापूरला जा. १९४० च्या दशकात ब्रह्मपुरीच्या टेकडीवर उत्खनन झालं, त्यात पोसायडन या समुद्रदेवाची काशाची छोटी मूर्ती मिळाली. टाऊन हॉल संग्रहालयात आहे. उलट दिशेचा पुरावा इटलीत आहे. इ. स. ७९ मध्ये राखेखाली गेलेल्या पाँपेईत १९३८ साली एक भारतीय हस्तिदंती स्त्रीमूर्ती सापडली, आणि तशाच घडणीच्या मूर्ती आपल्या भोकरदनला आणि तेरला मिळाल्या आहेत. दोन वस्तू, दोन टोकं. मधल्या वाटेवर महाडसारखी गावं.

पहिल्या सहलीहून उतरताना पाले गावातले एक आजोबा भेटले होते. आमचा रोमन वाद त्यांनी ऐकला आणि म्हणाले, "ते आले नाय म्हणून आमची लेणी काय कमी झाली?" काका हसले, आम्हीही हसलो, पण पत्रक त्यानंतरच बदललं. आता त्यावर आहे, 'पाले, कोल, पोलादपूर : खाडीपासून घाटापर्यंत'. खाली लहान अक्षरात, 'पेरिप्लसमधलं पालैपत्मै हे असावं, असं काही अभ्यासक मानतात.' नोंदणी थोडी कमी होते हे खरं आहे.

पुढची सहल दिवाळीनंतर, पायऱ्यांवरचं शेवाळ वाळलं की. येणार असाल तर पकड असलेले बूट घाला, पाण्याची बाटली आणि बॅटरी आणा. खडू आणू नका. अक्षरं उठून दिसावीत म्हणून ती कोणी खडूने भरलेली आम्हाला चालत नाहीत. आता प्रश्न घेऊ.