राजीनामा आणि फौजदारी न्याय

नोकरी सोडतांना लिहावयाचा कागद, एवढाच ‘राजीनामा’ या शब्दाचा अर्थ आज सामान्यतः घेतला जातो. मूळ फारसी अर्थ मात्र संमतिपत्र असा आहे. मराठेशाहींत वादी-प्रतिवादी गोतसभेचा निवाडा मान्य करूं, असा राजीनामा आधींच लिहून देत. आणि निकाल लागल्यावर जिंकणारा ‘हरकी’ व हरणारा ‘गुन्हेगारी’ सरकारांत भरी. दिवाणी व फौजदारी यांच्यामध्यें आजच्यासारखी भिंत त्या काळीं नव्हती. गांवांतील तंटा मिटावा आणि दोन्ही घरांचा व्यवहार पुन्हां सुरू व्हावा, हेंच न्यायाचें मुख्य प्रयोजन समजलें जाई.

या दृष्टीनें पाहिलें तर पक्षकारांचा समेट झाल्यावर फौजदारी खटला चालविण्याचें कारणच उरत नाहीं. पण मेलेल्या माणसाच्या वतीनें समेट कोणी करावयाचा? हा प्रश्न बंगालमध्यें कंपनी सरकारपुढें आला. तेथील फौजदारी न्यायालयांत मुसलमानी कायदा चाले, व त्याप्रमाणें खून झालेल्याच्या वारसांस मारेकऱ्यास क्षमा करण्याचा अथवा ‘दियत’ म्हणजे रक्ताचें मोल घेण्याचा अधिकार असे. या व्यवस्थेंत गुण नव्हता असें नाहीं. तिनें सुडाची परंपरा तुटे आणि कर्ता पुरुष गमावलेल्या कुटुंबाच्या हातीं कांहीं तरी पडे. परंतु मारेकरी धनवान् व वारस दरिद्री असला, किंवा मारेकरी वारसाच्याच घरांतला असला, म्हणजे क्षमेचा अर्थ पालटे. वॉरन हेस्टिंग्जनें १७७३ सालीं या अधिकारावर आक्षेप घेतला. १७९० च्या डिसेंबरांत कॉर्नवॉलिसनें तो काढून घेतला. यांत शिक्षेची सत्ता स्वतःकडे ओढण्याचा राज्यकर्त्यांचा स्वार्थ होताच. पण त्या निर्णयामागील शंका खोटी नव्हती. पाकिस्तानांत १९९० सालीं वारसांच्या क्षमेचें तत्त्व पुन्हां कायद्यांत आलें. तेथें २०१६ सालीं खून झालेल्या कंदील बलोच हिच्या भावास त्या खुनाबद्दल २०१९ सालीं जन्मठेप झाली. साक्षीदार फिरल्यावर व आईनें क्षमा केल्यावर २०२२ सालीं उच्च न्यायालयानें त्यास मोकळें केलें.

हिंदुस्थानांत १८६० च्या दंडसंहितेनें मोल घेऊन गुन्हा झांकणें हाच गुन्हा ठरविला, आणि १८९८ च्या फौजदारी कार्यपद्धतीच्या कायद्यानें ३४५ व्या कलमांत तडजोडीस योग्य अशा गुन्ह्यांची यादी दिली. साधी दुखापत, अब्रुनुकसानी यांसारख्या बाबी पक्षकारांनीं आपसांत मिटवाव्या. त्यांहून जड अशा कांहींस न्यायालयाची परवानगी लागावी. खून, दरोडा यांस तडजोड नसावी, अशी ही वांटणी. १ जुलै २०२४ पासून अमलांत आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या ३५९ व्या कलमांतही ती कायम आहे.

ही यादी अपुरी पडते, असा अनुभव पुढें न्यायालयांस येऊं लागला. पतिपत्नींनीं आपला संसार किंवा आपला काडीमोड सलोख्यानें ठरविल्यावर जुनी फिर्याद ओढीत नेण्यांत कोणाचें हित? २०१२ सालीं ग्यान सिंग खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें सांगितलें कीं, यादीबाहेरचा खटलाही उच्च न्यायालयास आपल्या अंगभूत अधिकारांत रद्द करतां येईल. मात्र खून, बलात्कार, दरोडा यांसारखे गुन्हे केवळ तडजोडीवर सोडतां येणार नाहींत. तरीही राजस्थानांत अल्पवयीन विद्यार्थिनीच्या विनयभंगाबद्दल एका शिक्षकावर झालेला खटला तिच्या वडिलांशीं झालेल्या समेटावरून रद्द झाला. ७ नोव्हेंबर २०२४ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें तो पुन्हां उभा केला.

वडील राजी झाले म्हणून मुलगी राजी झाली असें होत नाहीं. आईनें क्षमा केली म्हणून मेलेल्या लेकीनें केली असेंही नाहीं. हा इतिहास समेटाच्या विरुद्ध मात्र साक्ष देत नाहीं. शेजाऱ्यांची मारामारी कोर्टांत वर्षानुवर्षें मुरविण्यापेक्षां मिटलेली बरी, हें गोतसभेचें शहाणपण आजही खरें आहे. पण सही करणाऱ्यानें स्वतः तो आघात सोसला आहे काय, आणि ‘नाहीं’ म्हणण्याचें बळ त्याच्या अंगीं होतें काय, हे दोन प्रश्न न्यायाधीशानें विचारल्यावांचून त्या कागदास राजीनामा म्हणूं नये.