कुट्टक, चक्रवाल आणि पाटणचा मठ

आजच्या भागात थोडी आकडेमोड आहे, त्यामुळे गाडी चालवत ऐकत असाल तर हा भाग घरी गेल्यावर वाचा. म्हणून तर ही लिखित प्रत टाकतो.

सुरुवात आपल्या श्रीरामपूरकडच्या उदाहरणाने करू. गळीत हंगाम चालू आहे. समजा एका ट्रॅक्टरमध्ये 17 टन ऊस बसतो आणि एका बैलगाडीत 3 टन. दिवसभरात काट्यावर बरोबर 100 टन भरले. तर ट्रॅक्टर किती आणि गाड्या किती? शाळेतले सर म्हणतील, अज्ञातं दोन आणि समीकरण एकच, गणित सुटणार नाही. पण अडीच ट्रॅक्टर काट्यावर येत नाहीत ना! उत्तर पूर्णांकातच हवं, आणि ही अट लावली की एका समीकरणातूनही बरंच काही हाती लागतं.

17 ला 3 ने भागा, बाकी 2. 100 ला 3 ने भागा, बाकी 1. म्हणजे ट्रॅक्टरच्या संख्येची दुप्पट केली आणि 3 ने भागली की बाकी 1 यायला हवी. आता हे तोंडी होतं: 2 ट्रॅक्टर, मग उरलेल्या 66 टनांच्या 22 गाड्या. ट्रॅक्टर 3 ने वाढवले की गाड्या 17 ने कमी होतात, म्हणजे 5 ट्रॅक्टर आणि 5 गाड्या. तिसरं उत्तर नाही.

मोठे आकडे भागून भागून, बाक्या काढून, हातात मावतील एवढे बारीक करायचे. या रीतीला आपल्याकडे नाव आहे कुट्टक, म्हणजे कुटणारा. ही रीत आर्यभटाने 499 साली दिली, आणि 1150 मध्ये भास्कराचार्यांनी ती 'लीलावती'त आणि 'बीजगणिता'त सविस्तर मांडली. भागाकार एकाखाली एक लिहायचे, त्या उतरंडीला 'वल्ली' म्हणजे वेल म्हणायचं, आणि मग खालून वर चढत उत्तर काढायचं. आता ट्रॅक्टर 17 ऐवजी 15 टनांचा धरा. 15 आणि 3 दोन्ही 3 ने कटतात, 100 कटत नाही, म्हणजे काहीही केलं तरी जमणार नाही. अशा प्रश्नाला भास्कराचार्य सरळ 'दुष्ट' म्हणतात. चूक विद्यार्थ्याची नाही, प्रश्नाची आहे! परीक्षेच्या पेपरात हा शब्द वापरायची मुभा हवी होती.

हे सगळं कशासाठी? तर ग्रहगणितासाठी. एका कल्पात ग्रहाच्या फेऱ्या पूर्ण संख्येत होतात असं धरलेलं असे. मग प्रश्न यायचा: ग्रहाची चालू फेरी अमुक एवढी झाली आहे, तर कल्पाच्या सुरुवातीपासून दिवस किती गेले आणि पूर्ण फेऱ्या किती? दोन अज्ञातं, दोन्ही पूर्णांक. आकडे मात्र अब्जांतले.

मी बीटेकला असताना हीच रीत 'एक्स्टेंडेड युक्लिड' या नावाने शिकलो. आरएसए कुलपाची गुप्त किल्ली काढताना ती लागते. कोडच्या दहा ओळी होतात. वर्गात कुणी कुट्टक हा शब्द उच्चारला नाही, आणि याची मला थोडी चीड आहे. पण त्याहून जास्त चीड 'सगळं आपल्याकडेच होतं' छापाच्या फॉरवर्डची आहे, कारण त्यात गणित एका ओळीचंही नसतं.

आता पुढची पायरी, आणि माझ्या मते खरी कमाल इथे आहे. असा एक वर्ग शोधा, जो दुसऱ्या एखाद्या वर्गाच्या 61 पटीहून बरोबर 1 ने जास्त आहे. ऐकायला सोपं वाटतं. पण सर्वांत लहान उत्तर आहे 1766319049 आणि 226153980. साधा लूप लिहून एकेक संख्या तपासायची म्हटली तर 22 कोटी 61 लाखांहून जास्त फेऱ्या होतात. कागदावर तर विसराच.

भास्कराचार्यांनी हेच उदाहरण 'बीजगणिता'त घेतलं आहे. सुरुवात 8 ने करा: 8 चा वर्ग 64, तो 61 पेक्षा 3 ने जास्त. आता अशी संख्या निवडा, जी 8 मध्ये मिळवली की बेरीज 3 ने कटेल आणि जिचा वर्ग 61 च्या जवळ असेल. (पहिली अट म्हणजे पुन्हा कुट्टकच.) ती संख्या 7. त्यातून मिळतात 39 आणि 5: 39 चा वर्ग 1521, आणि 5 च्या वर्गाची 61 पट 1525. फरक उणे 4. फरक 4 वर आला की ब्रह्मगुप्ताची 628 सालची युक्ती लावून थेट शेवटच्या उत्तरावर उडी मारता येते. तसं नसेल तर तीच पायरी पुन्हा, फरक 1 होईपर्यंत. चक्रासारखी फिरते, म्हणून चक्रवाल. ही रीत मुळात भास्कराचार्यांची नव्हे. 1073 च्या एका टीकेत जयदेव नावाच्या गणितज्ञाच्या नावावर ती सापडते.

1657 मध्ये फ्रान्सच्या फर्माने युरोपातल्या गणितज्ञांना आव्हान दिलं, आणि त्यातही हाच 61 होता. इंग्लंडच्या ब्राउंकरने रीत काढली, पण ऑयलरच्या गैरसमजामुळे समीकरणाला नाव पडलं पेलचं, ज्याचा याच्याशी जवळपास संबंधच नाही. कोलब्रुकचं इंग्रजी भाषांतर 1817 मध्ये आलं तोवर नाव पक्कं झालं होतं. एक गोष्ट मात्र कबूल करायला हवी: चक्र दर वेळी थांबतंच, याची सिद्धता भास्कराचार्यांनी दिलेली नाही. उत्तर नेहमी मिळतं हे लाग्रांजने अठराव्या शतकात सिद्ध केलं, आणि खुद्द चक्रवालची सिद्धता कृष्णस्वामी अय्यंगारांनी 1929 च्या सुमारास दिली.

मग मधली कित्येक शतकं हे गणित टिकलं कसं? त्याचा एक पुरावा आपल्यापासून फार लांब नाही. चाळीसगावजवळच्या पाटणला, म्हणजे पाटणदेवीला, 1207 चा शिलालेख आहे. डॉ. भाऊ दाजी लाडांनी तो एकोणिसाव्या शतकात उजेडात आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने तिथे मठ काढला आणि निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने त्याला दान दिलं. लेखाचा बराचसा भाग संस्कृतात आहे, पण शेवटी भाषा बदलून मराठी होते. कारण तिथे बाजारातल्या लोकांना कळायला हवा असा मजकूर आहे: विकायला आलेल्या मालावर मठाला काय द्यायचं, आणि तेलाच्या घाण्यामागे किती तेल द्यायचं. म्हणजे कुट्टक शिकणाऱ्या पोरांच्या दिव्यात पाटणच्या तेल्याचं तेल जळत असणार. मठाचं पुढे काय झालं ते लेख कुठून सांगणार!

भास्कराचार्य स्वतःचं गाव विज्जडविड सांगतात, सह्याद्रीजवळचं. ते पाटणच की दुसरं कुठलं, यावर वाद चालू आहे. मला त्या वादापेक्षा तो तेलाचा हिशेब जास्त मोलाचा वाटतो.

जायचं असेल तर आपल्या स्टेशनवरून मनमाड आणि तिथून चाळीसगाव. नवख्यांसाठी सांगतो, श्रीरामपूरच्या स्टेशनचं नाव बेलापूर आहे, तिकीट काढताना नवी मुंबईचं काढू नका.

आणि घरचा अभ्यास: 61 च्या जागी 67 घ्या. हेही भास्कराचार्यांचंच उदाहरण. पुन्हा 8 पासूनच सुरू करा, या वेळी फरक उणे 3 येतो. शेवटी 48842 आणि 5967 मिळाले की तुमचं चक्र पूर्ण फिरलं. भेटू पुढच्या भागात.